मारिओ बावा: आधी कॅमेरामन, मग बाकी सगळं

प्रश्नात दोन गोष्टी एकत्र विचारल्यात. एक, इटालियन हॉरर बघताना मारिओ बावा या दिग्दर्शकाचं नाव सारखं येतं आणि तो मुळात कॅमेरामन होता असं म्हणतात, तर त्याचं ते करिअर नेमकं कसं झालं. दुसरी, शिकून बाहेर पडल्यावर भुताचे आणि खुनाचेच पिक्चर करत राहिलं तर कॅमेरामनवर शिक्का बसतो का. मी स्वतः कॅमेऱ्यावरच पोट भरतो, जाहिराती, मालिका, अधूनमधून एखादा हॉरर, त्यामुळे हे उत्तर समीक्षकाचं नाही, लायटिंग करणाऱ्या माणसाचं आहे आणि लांबणार आहे, चहा घेऊन बसा.

बावाबद्दल बोलताना बहुतेक लोक त्याने दिग्दर्शित केलेल्या 1960 च्या 'ब्लॅक संडे'पासून सुरू करतात, जणू हा माणूस त्या दिवशी आभाळातून पडला. तेव्हा तो 46 वर्षांचा होता आणि त्याआधी वीस वर्षं त्याने दुसऱ्यांच्या पिक्चरना लाइट केलं होतं. ती वीस वर्षं बघितली नाहीत तर पुढचं सगळं नुसती जादू वाटत राहतं, आणि जादू वाटली की आपण शिकायचं सोडून नुसत्या टाळ्या वाजवतो.

जन्म 31 जुलै 1914, सान रेमोचा. वडील एउजेनिओ बावा मूळचे शिल्पकार, मूकपटांच्या काळात कॅमेऱ्याकडे वळले आणि पुढे रोममध्ये इस्तितूतो लुचे या सरकारी फिल्म संस्थेत ट्रिक फोटोग्राफीचं काम बघायचे. मारिओला व्हायचं होतं चित्रकार, पण त्यावर घर चालेना म्हणून तो वडिलांच्या हाताखाली लागला. इथे जरा थांबा, कारण माझ्या मते त्याच्या सगळ्या करिअरची किल्ली इथेच आहे. बहुतेक कॅमेरामन असिस्टंट म्हणून लागतात, आधी फोकस, मग ऑपरेटिंग, मग लायटिंग, आणि ट्रिकचं काम हे कायम 'ते दुसरे लोक करतात' अशा खात्यात जातं. बावा उलट्या बाजूने आला. त्याच्यासाठी काचेवर रंगवलेला किल्ला, छोटं मॉडेल आणि नटीच्या चेहऱ्यावरचा की लाइट (मुख्य प्रकाश) ही तीन वेगळी कामं नव्हतीच, फ्रेममध्ये जे दिसेल ते खरं आणि फ्रेमच्या एक इंच बाहेर काय पडलंय याच्याशी कुणाला काय करायचंय, ही त्याची घरातूनच आलेली समज होती.

1939 मध्ये रोबेर्तो रोसेलिनीच्या सुरुवातीच्या शॉर्ट फिल्म्स त्याने शूट केल्या, 1943 पासून पूर्ण लांबीचे पिक्चर मिळायला लागले. मग युद्धानंतरचा काळ, आणि तेव्हा त्याने काय केलं तर मुख्यतः कॉमेडी! स्तेनो आणि मोनिचेल्ली या जोडीचा 'ग्वार्दिए ए लाद्री' (1951) बघा, तोतो चोर आणि आल्दो फाब्रित्सी हवालदार, त्यात जाडा हवालदार चोराच्या मागे रोमच्या बाहेरच्या उघड्या माळावरून धापा टाकत पळतो तो सगळा भाग उन्हात शूट केलाय आणि साधा, स्वच्छ, कुठेही 'बघा माझं लायटिंग' नाही. हॉररवाले चाहते हा पिक्चर सहसा बघत नाहीत. बघायला हवा, कारण कॉमेडीत कॅमेरामनला दोन गोष्टी शिकाव्याच लागतात, पटकन लाइट करणं आणि नटाच्या आड न येणं, आणि पुढे बावाला जे वेळेचं गणित जमलं ते इथून आलंय असं मला वाटतं. पाब्स्टसारख्या ऑस्ट्रियन दिग्दर्शकाचा इटलीत केलेला एक पिक्चरही त्याने याच काळात शूट केला, आणि 1956 चा स्तेनोचा नीरोवरचा विनोदी पिक्चरही, ज्यात आल्बेर्तो सोर्दी, दे सिका, ग्लोरिया स्वान्सन आणि ब्रिजिट बार्दो अशी मंडळी होती. म्हंजे माणूस कुठेतरी कोपऱ्यात भुतं काढत बसलेला नव्हता, चांगला चालता, मागणी असलेला कॅमेरामन होता.

आता 1957, 'इ व्हांपिरी' हा हॉरर. दिग्दर्शक रिकार्दो फ्रेदा. साधारण बारा दिवसांचं शेड्यूल होतं, फ्रेदाचं निर्मात्यांशी वाजलं, तो मधेच निघून गेला आणि उरलेलं बावाने दोन दिवसांत उरकलं. पण माझ्या दृष्टीने या पिक्चरमध्ये बघण्यासारखं काही असेल तर तो एक शॉट आहे. नटी जिआना मारिया कानाले कॅमेऱ्यासमोर, कट न होता, तरुणीची म्हातारी होते. कसं केलं? पिक्चर ब्लॅक अँड व्हाइट. चेहऱ्यावर सुरकुत्या, डोळ्याखालचे खड्डे सगळं लाल रंगाने आधीच रंगवून ठेवायचं. प्रकाश लाल असेल तर लाल रेष आणि कातडी दोन्ही सारख्याच उजळ दिसतात, रेष गायब. मग लाइटवरचं लाल फिल्टर हळूहळू काढून हिरवा प्रकाश आणायचा, लाल रंग हिरवा प्रकाश परत टाकत नाही, त्यामुळे तीच रेष काळी होऊन वर येते. बस. ट्रिक बावाची स्वतःची नाही हे सांगायला हवं, हॉलिवूडचा कॅमेरामन कार्ल स्ट्रसने 1925 च्या 'बेन हर'मध्ये आणि 1931 च्या 'डॉ. जेकिल अँड मिस्टर हाइड'मध्ये हेच वापरलं होतं. पण बारा दिवसांच्या पिक्चरमध्ये हे करायला सुचणं, आणि फिल्टर बदलताना एक्स्पोजरची उडी दिसू न देणं, हे हाताचं काम आहे.

1958 मध्ये आला 'ले फातिके दि एर्कोले', म्हंजे स्टीव्ह रीव्हजचा हर्क्युलिस. दिग्दर्शक पिएत्रो फ्रांचिस्की, कॅमेरा आणि ट्रिक बावाच्या. अमेरिकेत जोसेफ लेव्हाइनने तो विकत घेऊन 1959 मध्ये प्रचंड जाहिरात करून लावला, तुफान चालला, आणि त्यानंतर काही वर्षं रोममध्ये जो उठला तो पिळदार दंडाचे पौराणिक पिक्चर काढायला लागला. या पिक्चरमधला रंग बघा. गुहेतला निळा, मागून येणारा जांभळा, कडेला हिरवा, याला कुठलंही 'कारण' नाही, खिडकी नाही, चंद्र नाही, मशाल असलीच तर ती भलतीकडे. आजकाल प्रत्येक कॅमेरामन सोर्स काय, मोटिव्हेशन काय यावर अर्धा तास बोलतो (मीही बोलतो, निर्मात्याला बरं वाटतं), बावाने ते सरळ खिडकीबाहेर फेकून दिलं होतं.

त्यानंतरची दोन वर्षं म्हंजे अर्धवट सोडलेले पिक्चर पुरे करून देणारा माणूस अशी त्याची ओळख झाली. 'काल्तिकी' (1959) मधून फ्रेदा पुन्हा निघून गेला, नंतर तो म्हणायचा की बावाने दिग्दर्शन करावं म्हणून मुद्दाम गेलो. त्यातला तो पसरत जाणारा राक्षस म्हंजे गुरांच्या पोटातली वजडी, लाइटखाली तिचा वास काय सुटला असेल विचार करा. मग जाक तुर्नरचा मॅरेथॉनवरचा पिक्चर, तोही बावाने पुरा केला. आणि मग गालातेआ या निर्मिती संस्थेने त्याला विचारलं, बाबा रे, तुला स्वतःचा कुठला पिक्चर करायचाय? त्याने गोगोलची एक गोष्ट धरली आणि 'ला मास्केरा देल देमोनिओ', म्हंजेच 'ब्लॅक संडे', झाला. दिग्दर्शन त्याचं, कॅमेराही त्याचाच, ऑपरेटर उबाल्दो तेर्त्सानो. ब्रिटनमध्ये सेन्सॉरने 1968 पर्यंत दाखवू दिला नाही, अमेरिकेत मात्र चांगला चालला.

'ब्लॅक संडे' तीन गोष्टींसाठी बघा. पहिली, सुरुवातीला खिळ्यांचा मुखवटा कॅमेऱ्याकडे येतो, आतल्या बाजूने, म्हंजे तो बार्बरा स्टीलच्या नाही, आपल्या तोंडावर बसतोय, हे कॅमेरामनच्या डोक्यातून आलेलं दिग्दर्शन आहे. दुसरी, घोडागाडी धुक्यातून स्लो मोशनमध्ये येते तो शॉट. तिसरी, फोरग्राउंड. जवळजवळ प्रत्येक बाहेरच्या फ्रेममध्ये कॅमेऱ्याच्या अगदी पुढ्यात काळी फांदी, खांब, जाळी काहीतरी आहे, त्यामुळे सेट किती छोटा आहे हे कळतच नाही आणि फ्रेमला खोलपणा मिळतो तो फुकट. आणि हो, म्हातारं होण्याची लाल-हिरवी ट्रिक इथेही परत आहे.

मग 1963 आणि 64, माझ्या मते त्याची सगळ्यात श्रीमंत वर्षं, पैशाने नाही, कामाने. 'ब्लॅक सॅबथ'मधली पाण्याच्या थेंबाची गोष्ट बघा, एक नर्स, एक खोली, मेलेल्या बाईची अंगठी, आणि बाहेरून उघडझाप होणारा रंगीत दिवा. त्या मेलेल्या बाईचा मेणाचा चेहरा बावाच्या वडिलांनी, म्हाताऱ्या एउजेनिओने, घडवलेला होता. प्रेत चालत नाही, सरकतं, कारण ते ट्रॉलीवर आहे, एवढंच. नंतर 1964 चा 'ब्लड अँड ब्लॅक लेस', फॅशन हाऊसमध्ये मॉडेल्सचे खून. यावर कॅमेरामन म्हणून क्रेडिट तेर्त्सानोचं आहे आणि ते द्यायलाच हवं, बावाच्या नावाखाली त्याचं आणि पुढे अंतोनिओ रिनाल्दीचं काम लोक गिळून टाकतात.

या पिक्चरच्या रंगाबद्दल थोडं तांत्रिक, कारण आज एलइडी ट्यूबचं बटण दाबून मजेंटा काढणाऱ्याला यातला घाम कळत नाही. त्या काळची ईस्टमन कलर निगेटिव्ह होती 50 एएसए, म्हंजे भरपूर उजेड मागणारी मंद फिल्म. दिव्यापुढे गडद निळं किंवा हिरवं जिलेटिन (रंगीत फिल्टर) लावलं की तीन-चार स्टॉप सहज गेले, दर स्टॉपला उजेड निम्मा. म्हंजे एका बारीक हिरव्या कडेसाठीसुद्धा मोठा दिवा, तो तापणार, जिलेटिन वितळून करपणार, लाइटमन शिव्या घालत बदलणार. त्यामुळे रंग 'सगळीकडे' टाकणं परवडतच नव्हतं, कुठे टाकायचा ते ठरवावं लागायचं. नीट बघा, बहुतेक शॉटमध्ये चेहऱ्यावरचा मुख्य प्रकाश बराचसा न्यूट्रल किंवा किंचित उबदार आहे, रंग आहे तो मागच्या भिंतीवर, पडद्याच्या घडीत, पुतळ्याच्या कडेवर. पुढचा थर काळा, मधला माणूस, मागे हिरवा, त्याच्याही मागे दारातून लाल. माणूस एका थरातून दुसऱ्यात गेला की रंग बदलतो आणि आपल्याला काहीच न सांगता भीती वाटते. आजच्या नक्कलवाल्या म्युझिक व्हिडिओत चेहराच अर्धा निळा अर्धा गुलाबी करतात, कातडी मरते, थर उरत नाहीत, सगळं चपटं. हा फरक पकडला तरी या उत्तराचे पैसे वसूल.

1965 चा 'प्लॅनेट ऑफ द व्हॅम्पायर्स' हा तर शिकवायला घेण्यासारखा. परग्रह उभा करायचाय आणि बावाच्याच सांगण्याप्रमाणे हाताशी होते कुठल्यातरी पौराणिक पिक्चरमधून उरलेले दोन प्लास्टिकचे खडक. आरशांनी त्यांची संख्या वाढवली, जमीन धुरात बुडवली, धुरावर रंग मारला, लांबचं यान छोटं मॉडेल. धूर फक्त मूडसाठी नाहीये हे लक्षात घ्या, धुरामुळे स्टुडिओची फरशी दिसत नाही आणि रंगाला पकडायला काहीतरी मिळतं, नाहीतर हवेत रंग दिसणार कुठून. त्यात अंतराळवीरांना एका जुन्या यानात महाकाय परग्रहवासीयाचा सांगाडा सापडतो, आणि 1979 चा 'एलियन' बघितलेल्या प्रत्येकाच्या भुवया तिथे वर जातात.

'डेंजर: डायबॉलिक' (1968) दिनो दे लाउरेंतिसचा, म्हंजे पहिल्यांदा मोठा निर्माता, मोठे पैसे. आणि बावाने काय केलं, तर दिलेल्या पैशातले बरेचसे वापरलेच नाहीत! नायकाचा तो प्रचंड जमिनीखालचा अड्डा बघा, बराचसा काचेवरचा मॅट, म्हंजे रंगवलेला देखावा आहे, नट ज्या तुकड्यात उभे आहेत तेवढंच बांधलेलं. काच कॅमेऱ्यापुढे ठेवायची, तिच्यावर रंगवायचं किंवा मासिकातला फोटो कापून चिकटवायचा, आणि खऱ्या सेटची रेष काचेवरच्या रेषेला जुळवायची. ऐकायला सोपं, पण काच आणि सेट दोन्ही फोकसमध्ये हवेत म्हणून लेन्सचं छिद्र लहान, म्हंजे अ‍ॅपर्चर बंद, अ‍ॅपर्चर बंद म्हणून प्रकाश भरपूर, आणि कॅमेरा लॉक, इंचभर हलला की गेलं. लॅबमध्ये नंतर काही जोडायचं नसल्यामुळे कॉपीची कॉपी काढल्यावर वाढणारा दाणेदारपणा, म्हंजे दुसऱ्या जनरेशनचा ग्रेन, येत नाही, म्हणून हे शॉट आजही स्वच्छ दिसतात.

आता ज्याचं सगळे कौतुक करतात तिथे माझं थोडं वेगळं मत आहे. 1970 नंतरच्या बावाच्या पिक्चरमध्ये झूम फार आहे. आत झूम, बाहेर झूम, डोळ्यावर झूम, मधेच आउट ऑफ फोकस. काही जण याला शैली म्हणतात. मला त्यात मुख्यतः वेळ वाचवणं दिसतं, रूळ टाकायला माणसं आणि वेळ लागतो, झूमला एक बोट लागतं. 'बे ऑफ ब्लड' (1971) त्याने स्वतःच शूट केला, ट्रॉलीच्या जागी लहान मुलांची खेळण्यातली गाडी होती, आणि कथेत दाट झाडी हवी पण जागेवर झाडंच पुरेशी नाहीत म्हणून फांद्या आणून लेन्सपुढे हलवल्या. गंमत म्हंजे हीच ट्रिक त्याने आठ वर्षं आधी स्वतःच उघडी करून दाखवली होती: 'ब्लॅक सॅबथ'च्या इटालियन आवृत्तीच्या शेवटी बोरिस कार्लोफ घोड्यावरून दौडत प्रेक्षकांशी बोलतो, कॅमेरा मागे येतो आणि दिसतं की घोडा खोटा आहे आणि युनिटचे लोक हातात फांद्या घेऊन त्याच्याभोवती गोल पळतायत. अमेरिकन वितरकाने हा शॉट उडवला, कथांचा क्रम फिरवला, संगीत बदललं. त्यामुळे बघायचा तर इटालियनच बघा.

कमी पैशात सोनं काढलं या गोष्टीचं जास्त गोडवे गाऊ नका हेही सांगतो. 'किल बेबी किल'च्या (1966) वेळी पैसे संपले आणि युनिटने शेवटचं काम पगाराशिवाय केलं. 'लिसा अँड द डेव्हिल' निर्मात्याने कापून, नवीन भुताटकी जोडून भलताच पिक्चर करून 1975 मध्ये लावला. 1974 चा 'राबिड डॉग्ज', जो जवळजवळ अख्खा एका गाडीत घडतो आणि ज्यात रंग-धूर काहीच नाही, नुसतं ऊन आणि घाम, तो निर्मात्याचं दिवाळं निघाल्यामुळे बावाच्या हयातीत लागलाच नाही. हे वाचून कुणी निर्माता 'बघ, बावाने कसं केलं' म्हणून तुमचा लायटिंगचा खर्च कापायला आला तर त्याला ही यादी ऐकवा.

त्याचं शेवटचं मोठं काम परत ट्रिकचंच. हॉररचा दुसरा इटालियन दिग्दर्शक दारिओ आर्जेंतो, त्याच्या 'इन्फर्नो'साठी (1980) बावाने टेबलावर न्यूयॉर्क उभं केलं, दुधाच्या खोक्यांवर इमारतींचे फोटो चिकटवून. कॅमेरामन तिथे रोमानो आल्बानी होता, बावा नुसता मदतीला. 27 एप्रिल 1980 ला रोममध्ये तो गेला.

आता शिक्क्याचा प्रश्न. रोममध्ये तरी उत्तर सरळ नव्हतं. व्हित्तोरिओ स्तोरारोने आर्जेंतोचा पहिला खूनपट शूट केला, 1970 चा, आणि त्याच वर्षी बेर्तोलुच्चीचा 'द कन्फर्मिस्ट' आला, पुढे 'अ‍ॅपोकॅलिप्स नाऊ'चं ऑस्कर. लुइजी कुवेइलरने एलिओ पेत्रीचे राजकीय पिक्चर केले, बिली वाइल्डरची कॉमेडी केली आणि आर्जेंतोचा 1975 चा 'प्रोफोन्दो रोस्सो'ही केला. लुचानो तोवोली तर अंतोनिओनीच्या 'द पॅसेंजर'नंतर पुढे आर्जेंतोच्या 'सस्पिरिआ'वर आला. म्हंजे वरच्या दर्जाच्या कॅमेरामनला हॉररने काही झालं नाही. पण दुसरी एक वाट होती, बावाची वाट, कॅमेरामनचा दिग्दर्शक होण्याची. मास्सिमो दाल्लामानोने सेर्जिओ लिओनेच्या पहिल्या दोन डॉलरपटांवर (वेस्टर्न पिक्चर) कॅमेरा केला आणि मग दिग्दर्शक झाला. 1972 मध्ये त्याने 'सोलांज' हा थ्रिलर काढला तेव्हा त्याचा कॅमेरामन होता आरिस्तिदे मास्साच्चेसी, जो पुढे जो डी'आमातो या नावाने सगळ्या प्रकारचे, म्हंजे अगदी सगळ्या प्रकारचे, पिक्चर काढत बसला. एन्झो बार्बोनीने 'जँगो' शूट केला आणि मग ट्रिनिटीचे विनोदी वेस्टर्न दिग्दर्शित करून कॅमेऱ्यापेक्षा कितीतरी जास्त नाव कमावलं. या लोकांना शिक्का बसला का? बसला. पण काम बंद पडलं नाही, कारण निर्मात्याला माहीत होतं की हा माणूस वेळेत, दिलेल्या पैशात, दिसायला महाग वाटेल असं करून देतो. बावाला जिवंतपणी मान मिळाला नाही असं हळहळतात, पण तो स्वतःच स्वतःच्या पिक्चरची टिंगल करायचा आणि रोम सोडून कुठे जायला तयार नसायचा, तोही भाग आहेच.

तेव्हा माझं म्हणणं, हॉरर मिळतंय तर घ्या, फक्त मधेमधे एखादी साधी, उन्हातली, माणसांची गोष्ट शोधून करा, बावाच्या त्या वीस वर्षांतल्या कॉमेडीसारखी, नाहीतर लायटिंगमध्ये फक्त अंधारच येतो.

आणि शूटिंग नसेल त्या दिवशी लाल-हिरव्याची ट्रिक घरी करून बघा. लाल लिप पेन्सिल, मित्राचा चेहरा, दोन आरजीबी दिवे. डिजिटल कॅमेऱ्यावर लाल प्रकाशात रेड चॅनल लगेच फाटतो, म्हंजे लाल भागातला तपशील उडतो, म्हणून एक्स्पोजर दीडेक स्टॉप खाली ठेवा, ब्लॅक अँड व्हाइट नंतर करा, आणि लालवरून हिरव्यावर जाताना दोन दिवे एकाच जागी, एकाच उंचीवर असू द्या, नाहीतर सुरकुत्यांबरोबर नाकाची सावलीही सरकते आणि लगेच पकडले जाता. मेकअपचा बेस फार गुलाबी असेल तर हिरव्यात अख्खा चेहराच काळवंडतो, तेव्हा बेस पिवळट घ्या. रेषा बारीक नकोत, जरा ठसठशीत आणि कडेला बोटाने पुसलेल्या, नाहीतर हिरव्या प्रकाशात त्या सुरकुत्या न दिसता पेन्सिलच दिसते.